शांघायची कासारीण

माझे अक्षर चांगले नाही आणि शुद्धलेखन तर त्याहून वाईट. चौथीपर्यंत शिकले, त्यातही चौथीचे अर्धे वर्ष आईच्या बाळंतपणात घरीच गेले. ऱ्हस्व कुठे, दीर्घ कुठे हे मला अजून कळत नाही, आणि जोडाक्षर आले की पेन अडखळते. ही वही कुणासाठी लिहिलेली नाही. पण कुणाच्या हाती लागलीच तर त्याने तेवढे सांभाळून घ्यावे. माझ्या हातातल्या हिरव्या बांगडीची गोष्ट मी आजवर लोकांना निरनिराळी सांगितली. ज्याने जशी विचारली तशी. खरी एकदा लिहून ठेवते.

आम्ही मेलबर्नला आलो ते ह्यांच्या हातच्या कामामुळे. हे टर्नर, डँडेनॉन्गच्या एका कारखान्यात लेथवर. मी ग्लेन वेव्हर्लीला एका डॉक्टरीणबाईंकडे त्यांची दोन वर्षांची मुलगी सांभाळायला होते. सोमवारी सकाळी हे मला गाडीने सोडत आणि शुक्रवारी संध्याकाळी न्यायला येत. मधले दिवस तिथेच राहायचे. बाई पुण्याच्या, मला मावशी म्हणत आणि अहोजाहो करत. त्या वाईट नव्हत्या. हे आधीच लिहिते, कारण पुढचे वाचून कुणाला तसे वाटेल.

पण त्या घरात मला कोंडल्यासारखे होई. बाई आणि साहेब कामावर जाताना भिंतीवरच्या डबीत आकडे दाबून अलार्म लावत. पहिल्याच आठवड्यात मी वाळत घालायला मागचे दार उघडले आणि सगळे घर किंचाळायला लागले. पोरगी घाबरून रडली, शेजारचा म्हातारा गोरा कुंपणापाशी आला, काहीतरी विचारू लागला, आणि मला "येस, येस" याच्यापुढे काही येईना. बाईंनी नंतर आकडे कागदावर लिहून दिले. पण मी काही पुन्हा ते दार उघडले नाही. चुकीचा आकडा दाबला तर काय, या भीतीने मी कपडे न्हाणीघरातच वाळवू लागले. खिडकीतून रस्ता दिसे. त्यावर दिवसभरात पोस्टमन सोडला तर माणूस नसे.

ह्यांच्या ओळखीने डँडेनॉन्गला मोटारींच्या सीटची कव्हरे शिवायच्या कारखान्यात दिवाळीनंतर जागा होणार होती. मला मशीन येते. तिथे आपल्याकडच्या दोन बायका होत्या, डबा एकत्र खात, आणि संध्याकाळी आपापल्या घरी जात. मी ठरवले होते की हे काम सोडायचे. बाईंना काय सांगायचे ते मनात पाठही करून ठेवले होते. तेवढ्यात बाईंची शांघायला डॉक्टरांची कॉन्फरन्स निघाली. साहेबांना सुट्टी नव्हती, म्हणून पोरीसाठी मी बरोबर जायचे ठरले. म्हटले, येऊन सांगू.

तिथे चार दिवस मी आणि पोरगी हॉटेलच्या अठराव्या मजल्यावर. खिडकी उघडत नव्हती. पाचव्या दिवशी बाई मोकळ्या झाल्या. त्यांनी दिवसभरासाठी एक गाडी आणि एक गाईड घेतली.

"आपली एकट्यांची टूर, मावशी," त्या म्हणाल्या. "मोठ्या बसमध्ये कोंबून घ्यायला नको."

गाईड म्हणजे वीसबावीस वर्षांची बारीक मुलगी. भराभर चाले आणि त्याहून भराभर इंग्रजी बोले. तिने माझ्याकडे बोट करून बाईंना विचारले, "युवर मदर?" बाई हसून "नो, नो" म्हणाल्या. तेवढे मला कळले. त्यानंतर दिवसभर ती बाईंशीच बोलली. मला काही दाखवायचे झाले की माझा कोपर धरून वळवायची.

सकाळी नदीकाठ पाहिला. अलीकडे जुन्या दगडी इमारती, पलीकडे नुसत्या क्रेन. रस्त्यावर सायकली इतक्या की आमची गाडी त्यांच्यात मुंगीसारखी सरकत होती. मग एका जुन्या बागेत तळ्यावरचा पूल पाहिला. तो सरळ नव्हता, चार पावलांवर वळायचा, पुन्हा वळायचा.

"भुतांना वळता येत नाही म्हणे," बाईंनी मला सांगितले. "म्हणून असा बांधलाय."

पोरीच्या प्रॅमलाही, म्हणजे बाबागाडीलाही, वळता येत नव्हते. प्रत्येक वळणावर मी ती पोरीसकट उचलून फिरवली. मागून गर्दी रेटत होती. पुलाच्या टोकाला पोचेपर्यंत माझे दोन्ही हात सुजल्यासारखे झाले. हे लक्षात ठेवायचे, कारण पुढे त्याचाच घोटाळा झाला.

जेवणानंतर दुकाने सुरू झाली. बाईंनी मला आधीच बजावले होते, "कमिशन असतं त्यांचं. बघायचं आणि निघायचं." रेशमाच्या दुकानात चार मुली एवढासा पुंजका चार टोकांनी ओढून त्याची पलंगभर रजई करत होत्या. ते पाहण्यासारखे होते. बाईंनी एक रजई घेतली. मग गाडी दुसऱ्या दुकानाच्या दाराशी लागली. हे हिरव्या दगडांचे. खिडकी एकही नाही. ज्या दाराने आत जायचे त्या दाराने बाहेर येता येत नव्हते. सगळे कौंटर ओलांडून पलीकडच्या टोकाला निघायचे.

मध्यावर आलो आणि पोरीला शी लागली. माझ्याकडे येईना, आईच हवी. बाई तिला घेऊन गाईडबरोबर संडास शोधायला गेल्या. "मावशी, इथेच थांबा हां, हलू नका," असे सांगून गेल्या. मी हलले नाही.

आता माझ्या वडिलांविषयी लिहायला हवे. ते कासार. आमच्या गावाच्या बाजारात त्यांचे बांगड्यांचे दुकान होते. मी शाळा सोडल्यावर लग्नापर्यंत त्यांच्या शेजारी बसून बांगड्या ओवायची. वडील गिऱ्हाईक बाईचा हात हातात घेत आणि बोलायला लागत. माहेर कुठले, पाऊस कसा, धाकटा चालायला लागला का. बाई उत्तर देण्यात गुंतली की हात सैल पडे, आणि तेवढ्यात बांगडी अंगठ्याच्या हाडावरून आत गेलेली असे. "हात कासाराच्या स्वाधीन करायचा," ते म्हणत. "ताठ धरला की काच जाते आणि रक्तही." लहानपणी ते माझ्याच हातावर मापे घेत. त्यामुळे कुणी माझी बोटे एकत्र करून अंगठा आत दाबला की माझा हात आपोआप लोण्यासारखा होतो. मी काही करत नाही.

कौंटरमागे माझ्याच वयाची एक बाई होती. तिने माझ्या काचेच्या बांगड्या पाहिल्या आणि खुदकन हसली. स्वतःचा हात वर करून तिच्या हातातली हिरवी बांगडी दाखवली. मीही हसले. तिने माझा डावा हात घेतला, काचेच्या बांगड्या वर सारल्या, पंजावर एक पातळ पिशवी चढवली, त्यावर साबणाचे पाणी लावले, आणि बोलायला लागली. काय बोलत होती देव जाणे. पण आवाज तसाच होता. माहेर कुठले, पाऊस कसा. पाच दिवसांत पहिल्यांदा माझ्याशी कुणीतरी थांबून बोलत होते. तिने अंगठा दाबला आणि माझा हात सैल पडला.

बांगडी आत गेली. दगडाची, गार, अखंड. दुखले, पण थोडेच.

बांगड्या भरून झाल्या की आपल्याकडे बाई कासाराला नमस्कार करते. मी दोन्ही हात जोडले आणि कपाळाला लावले. त्या बाईनेही हात जोडले, खूश झाली, आणि खाली वाकून बिल लिहू लागली.

बिल पाहिले तेव्हा मला कळले. मी बांगडी ओढायला लागले. अंगठ्याच्या हाडापाशी ती जी अडली ती हलेना. बाई परत आल्या तेव्हा मी कौंटरवर हात ठेवून रडकुंडीला आले होते.

"अहो मावशी, हे काय केलंत?"

"मी नाही... त्यांनी घातली."

"मग नको म्हणायचं ना! मान हलवायची नुसती!"

गाईड त्या बाईशी बोलली. त्या बाईने हात जोडून कपाळाला लावून दाखवले, मी केले तसे. गाईडने बाईंना सांगितले, बाईंनी मला. "म्हणतेय, तुम्ही पसंत आहे म्हणून नमस्कार केलात."

बिल तीन हजार दोनशे युआनचे होते. बाईंनी मनात हिशेब केला. पाचशेवीस डॉलर. माझा आठवड्याचा पगार एकशेदहा.

साबण लावला, तेल लावले, पुन्हा साबण. गार पाण्यात हात बुडवला. पुलावर प्रॅम उचलून आधीच सुजलेला, त्यात ही ओढाताण, हात वांग्यासारखा जांभळा झाला. मी कासाराची मुलगी. घट्ट बांगडी कशी काढायची ते मला येते. पण त्यासाठी हात सैल लागतो आणि माझा ताठ झाला होता. शेवटी एक पुरुष बारीक करवत घेऊन आला. कापून देतो म्हणाला, पण पैसे भरावेच लागतील, कारण मग ती विकता येणार नाही.

"कापा," बाई म्हणाल्या. "नाहीतर हाताला सूज येऊन रक्त अडायचं."

मी हात पाठीमागे नेला.

"मावशी, दगड आहे तो. काच नाही. आणि इथे कोण बघतंय?"

आमच्या घरात बांगडी फुटली असे कुणी म्हणत नसे, वाढवली म्हणत. सवाष्ण बाईचा हात दुसऱ्याने धरून त्यावरची बांगडी फोडायची, असा दिवस बाईच्या आयुष्यात कोणता असतो ते मला सांगायला नको. हे तेव्हा डँडेनॉन्गला लेथवर उभे असतील. मी नुसती मान हलवली. नाही. जी मान मघाशी हलवायची होती ती आत्ता हलली. बाईंनी माझ्याकडे पाहिले, मग करवतीकडे, आणि पर्समधून कार्ड काढले.

गाडीच्या दारांना आतून उघडता न येणारे कुलूप होते, पोरीसाठी. मी खिडकीपाशी हात मांडीवर घेऊन बसले. राहिलेली टूर तशीच पाहिली. काय पाहिले ते आठवत नाही.

विमानात मी म्हटले, "पगारातून कापू नका. मी देईन."

"हप्त्याने द्या. घाई नाही," बाई म्हणाल्या.

पगारातून कापून चालणार नव्हते, कारण पगार हे मोजून घेत. भारतात पैसे पाठवायचे असत. ह्यांना मी काय सांगितले? विमानतळावर ह्यांनी पहिल्यांदा बांगडीच पाहिली. "ही कुठली गं?" मी म्हणाले, "बाईंनी दिली." तोंडातून निघून गेले. अर्धे खरेच होते.

पुढच्या शुक्रवारी हे न्यायला आले ते गाडीत न थांबता थेट दाराशी आले. बाईंना म्हणाले, "मॅडम, फार मोठं मन तुमचं. हिला सोन्याचीसुद्धा एवढी शोभली नसती."

बाईंनी माझ्याकडे पाहिले. मी पोरीच्या बुटाची नाडी बांधत होते, ती बांधतच राहिले.

"नो वरीज, काका," बाई म्हणाल्या.

त्या दिवसापासून मी खरी अडकले. दिवाळी झाली. कव्हरे शिवायच्या कारखान्यातून निरोप आला. मी म्हटले, बाईंना सोडून कसे जाऊ? हे म्हणाले, "बरोबर आहे तुझं. अशी माणसं मिळत नाहीत. राहा तिथेच." बाईंचे पैसे थकवून मला जाता येत नव्हते, आणि हे ह्यांना सांगता येत नव्हते. ती जागा दुसऱ्या कुणाला मिळाली.

पैशासाठी मी पोळ्या सुरू केल्या. बाईंच्याच ओळखीच्या दोन घरांना. पोरगी दुपारी झोपली की दोन तास. पीठ मी शनिवारी डँडेनॉन्गच्या आपल्या लोकांच्या दुकानातून माझ्या पैशाने आणायचे. बाईंच्या पिठाला हात लावला नाही. बांगडी लाटण्यावर आपटायची, म्हणून रुमाल गुंडाळायची. आठवड्याला कधी दहा डॉलर सुटत, कधी आठ. ज्या आठवड्यात त्या घरची माणसे सुट्टीवर जात त्या आठवड्यात काहीच नाही. शुक्रवारी हे यायच्या आधी मी बाईंच्या ओट्यावर पैसे ठेवायचे. बाई न मोजता उचलायच्या. मी मात्र मोजलेले असत.

अलार्मचे आकडेही त्याच वर्षात शिकले. पोळ्या न्यायला बाया यायच्या, दार उघडावेच लागे. पहिल्यांदा कागद डबीशेजारी धरून एकेक आकडा दाबला. घर किंचाळले नाही.

दुसरी दिवाळी आली. चकल्या आणि चिवड्याच्या ऑर्डरी आल्या, म्हणून एकदम फिटत आले, नाहीतर अजून लांबले असते. कारखान्यात पुन्हा जागा होती. हे म्हणाले, "तुला जायचं नसणारच."

शेवटच्या हप्त्याच्या शुक्रवारी मी पैसे आधीच ओट्यावर ठेवले नाहीत. माझी पिशवी भरून ठेवली, नेहमीपेक्षा मोठी, मागे काही न ठेवता. हे दाराशी आले. बाई पोरीला कडेवर घेऊन उभ्या होत्या. मी ह्यांना म्हटले, "आत या जरा." हे बूट काढून आत आले.

मी कमरेची पिशवी सोडली आणि चौतीस डॉलर काढून ओट्यावर एकेक मांडले. वीसची एक नोट, दहाची एक, आणि दोनची दोन नाणी.

"हे कसले?" ह्यांनी विचारले.

बाईंनी तोंड उघडले, बहुतेक मला वाचवायलाच. मी हात वर केला, बांगडीचाच.

"बांगडीचे," मी म्हणाले. "पाचशेवीस होते. बाईंनी भरले होते. हे शेवटचे."

हे माझ्याकडे बघत राहिले. मग बांगडीकडे. मग बाईंकडे.

बाईंनी पोरीला खाली ठेवले, आणि त्या दिवशी पहिल्यांदा पैसे मोजून घेतले. वीस, तीस, बत्तीस, चौतीस. "झाले, मावशी," त्या म्हणाल्या. "पुरे झाले."