सात शिंपल्या

गल्लीच्या टोकाला घड्याळं दुरुस्त करणाऱ्या त्या गृहस्थांना सगळे जपूनकाका म्हणत. कोणी जिना चढो, सायकलवर बसो, नाहीतर नुसता गरम चहाचा घोट घेवो, हे म्हणणार, "जपून!" लोक हसायचे. हसणाऱ्यांचं काय जातंय? नऊ वर्षांपूर्वी बायकोला ताप आला तेव्हा काका सारखे तिच्या कपाळाला हात लावून बघत होते. पण "तुमचं आपलं नेहमीचंच!" असं म्हणून तीही हसली, आणि उगाच आपलं हसं नको म्हणून हे दोन दिवस गप्प बसले. तिसऱ्या दिवशी ती गेली.

आता एकुलती एक लेक गरोदर, माहेरी आलेली. पाचवा महिना लागला तरी पोटात अन्न ठरत नव्हतं. डॉक्टरीणबाईंनी बजावलं होतं, वजन आणखी उतरलं तर सरळ दाखल करून घेईन. आणि लेकीला डोहाळ्यांत सारखं हवं होतं काय, तर आई करायची तसलं शिंपल्यांचं दाट, सायीचं सूप. काकांच्या तोंडचं पाणीच पळालं. एक मेलेली शिंपली पातेल्यात गेली आणि विषबाधा झाली तर? पण नाही तरी कसं म्हणायचं?

सकाळी ताज्या शिंपल्या आणून त्यांनी तासभर मिठाच्या पाण्यात ठेवल्या, वाळू निघून जावी म्हणून. मग डोळ्याला भिंग लावलं आणि घड्याळाच्या चिमट्यानं एकेक शिंपली टकटक वाजवली. जिवंत शिंपली ठोकल्यावर तोंड मिटते, मेलेली आ वासून तशीच राहते. अशा सात निघाल्या. त्या त्यांनी बशीत काढून खिडकीत ठेवल्या. बाकीच्या वाफेवर चढवल्या आणि साय आणायला खाली उतरले. घरात थोरली बहीण होती, तिला म्हणाले, "ताई, झाकण उघडू नकोस हं."

परत येऊन त्यांनी शिंपल्यांतलं मांस काढलं, सुटलेलं पाणी फडक्यातून गाळलं. लोण्यात कांदा परतला, चमचाभर मैदा भाजला, त्यात बटाट्याच्या फोडी, ते पाणी आणि दूध घातलं. बटाटे मऊ झाल्यावर मांस आणि शेवटी साय. लेकीनं भीत भीत चमचा तोंडात घातला. मग दुसरा. मग वाडगं पुसून खाल्लं आणि म्हणाली, "अजून वाढा." काकांचा जीव भांड्यात पडला. अर्धा तास झाला तरी उलटी नाही! खुशीत भांडी घासायला उठले, तर खिडकीतली बशी रिकामी.

"ताई, यातल्या कुठे टाकल्यास?"

"टाकायच्या कशाला? चांगल्या टपोऱ्या होत्या. तू खाली गेलास तेव्हा घातल्या पातेल्यात. सगळ्या उघडल्या की मेल्या!"

काकांनी हातातली बशी खाली ठेवली. कट्टा धरून उभे राहिले.

"मेलेल्याच होत्या गं त्या!" ते कसेबसे म्हणाले.

"हळू बोल," ताई कुजबुजली. तिचाही चेहरा उतरला होता, पण हट्ट सुटेना. "दोन महिन्यांनी पोरीच्या पोटात घास ठरलाय. तू तोंड उघडलंस तर भीतीनंच ओकेल ती. तुझं आपलं नेहमीचंच!"

तेच शब्द. बोलावं तर पोटातलं जाईल, न बोलावं तर काय काय जाईल! पाच मिनिटं काका स्वयंपाकघराच्या दारात घुटमळत राहिले. मग बाहेर गेले आणि लेकीला एका दमात सगळं सांगून टाकलं.

"हसायचं तर हस," ते म्हणाले, "पण दवाखान्यात चल. आत्ता."

लेक हसली नाही.

"आईच्या वेळी असं म्हणाला नव्हतात ना?"

"नाही."

तिनं चपला घातल्या.

डॉक्टरीणबाईंनी तपासलं, नाडी बघितली, पोट चाचपलं, बाळाचे ठोके ऐकले. "आत्ता तरी सगळं ठीक आहे. आणलंत ते बरं केलंत. संध्याकाळपर्यंत इथेच थांबा, मग बघू." ताई कोपऱ्यात रडत बसली होती. काका लेकीच्या खाटेशेजारी बाकावर बसले. ती कुशीवर वळली तरी यांच्या काळजाचं पाणी. तीन वाजले, चार वाजले. ती डोळे मिटून पडली होती. पाचाच्या सुमाराला तिनं पोटावर हात ठेवला आणि चेहरा वेडावाकडा केला.

"बाबा..."

काका ताडकन उठले. "काय होतंय? दुखतंय? बोलावू का बाईंना?"

"भूक लागलीय," ती म्हणाली.

दोन महिन्यांत हा शब्द तिच्या तोंडून आला नव्हता. काका मटकन खाली बसले आणि सगळ्या दवाखान्यादेखत हुंदके देऊन रडू लागले.