नवमीच्या पाटावरचा डोंगल

वर्षाराणी वहिनी आमच्या गावच्या सरपंच. मी त्यांचा चुलत दीर. मुरगूडच्या बाजारात भाजी विकता विकता त्या निवडून आल्या, पण आजही म्हशीची धार काढूनच पंचायतीत येतात. लोखंड ओतायच्या फाउंड्रीत जन्म काढल्याने मला अर्धवट काम खपत नाही. वहिनींचं काम अर्धवट नसतं.

सरपंचाची सही आता डोंगलवर होते. बोटाएवढी वस्तू, संगणकाला लावायची. पंचायतीचा संगणक संघप्रिया चालवते. तिने वहिनींना समजावलं होतं, "काकू, सहीची किल्ली ह्याच्या आतच असती, भाईर कधी येत न्हाय. पिठाच्या गिरणीगत. धान्य आत घालायचं, पीठ घेऊन जायचं. गिरणीचं जातं कोण घरी नेतंय व्हय?"

"आणि ह्योच कुणी उचलून नेला तर?"

"पासवर्ड पायजे. चुकीचा घालत बसला की आपणहून बंद पडतोय."

आधीच्या सरपंचांचा डोंगल ऑफिसच्या खणात पडलेला असे आणि पासवर्ड निम्म्या गावाला पाठ. वहिनींनी आपला डोंगल पहिल्याच दिवशी दोऱ्यात ओवून गळ्यात घातला.

खंडेनवमीला हत्यारं पाटावर मांडून पुजायची आणि दसरा उजाडेपर्यंत उचलायची नाहीत, ही आमची रीत. यंदा विळा, खुरपं, कोयता यांच्या ओळीत वहिनींनी डोंगलही ठेवला. टोपण काढून, ओलं हळदकुंकू थेट तोंडावर लावलं.

दुपारी संघप्रिया धावत आली. "काकू, पाण्याच्या टाकीच्या टेंडरवर तुमची सही राह्यलीया. आज सांजंला मुदत संपतीया!"

वरच्या आळीच्या बायका चढावरून घागरी वाहतात. मुदत हुकली तर टाकी पुढच्या सालावर जाणार होती.

वहिनींनी हात पुढे केला, तशा सासूबाई धोंडुबाई कडाडल्या, "पुजलेलं हत्यार उचलतीस व्हय गं?"

वहिनी म्हणाल्या, "आत्याबाई, सकाळी हिरीवरची मोटर पुजली न्हवं?"

"पुजली की."

"मग ती चालू कशी?"

"पाणी नगो व्हय गुरांना?"

"ह्यो बी पाण्यासाठीच उचलायचा हाय."

म्हातारीने डोंगलवर दोन अक्षता टाकल्या. "ने. काम झालं की जाग्यावर आणून ठेव."

आम्ही तिघं पंचायतीत गेलो, पण संगणक डोंगल ओळखेना. तोंडात हळद वाळून बसली होती.

मी म्हणालो, "तारेचा ब्रश आणतो. एकदा घासला की साफ!"

"काका, ह्ये काय बिडाचं कास्टिंग हाय व्हय? हात लावू नगा!" संघप्रियाने दात घासायचा नवा मऊ ब्रश आणवला. कोरडाच, हलक्या हाताने फिरवत राहिली. लावून पाहिला. नाही. पुन्हा घासला. वहिनी घड्याळाकडे न बघता तिच्या हाताकडे बघत होत्या. तिसऱ्या खेपेला डोंगलचा दिवा लागला.

वहिनी खुर्चीत बसल्या. "भाऊजी, तोंड फिरवा."

"मी काय परका हाय?"

"परकं न्हाय, पण सरपंच बी न्हाय. फिरा तिकडं. संघप्रिया, तू बी."

आम्ही दोघं भिंतीवरचं कॅलेंडर बघत उभे राहिलो. मागे एकेक बटण दाबल्याचा आवाज येत होता, अगदी सावकाश.

"बघ गं आता," वहिनी म्हणाल्या.

संघप्रिया वळली आणि ओरडलीच, "झाली सही!"

घरी येऊन वहिनींनी डोंगल पाटावर जागच्या जागी ठेवला. धोंडुबाईंनी कुंकवाचं बोट पुढे केलं.

"थांबा आत्याबाई." वहिनींनी टोपण घट्ट बसवलं. "हां, आता लावा."