शेजाऱ्याने लिहिलेली फिल्म
मटार दिसला की नव्वद सालची ती संध्याकाळ आठवते. इंग्लंडमधल्या कॉव्हेंट्रीच्या घरात टीव्हीसमोर बसून आम्ही नवरा-बायकोने शेंगा सोलल्या, ते आमचं एकत्र केलेलं शेवटचं काम. शेजारच्या बल्गेरियन लेखकाची फिल्म लागली होती. देश सोडून आलेला माणूस. वर्षभर आमच्या किचनमध्ये बसून साला हिच्या हातच्या पोळ्या खायचा आणि हिला बोलतं करायचा. फिल्ममध्ये साडीतल्या बाईपुढे नर्सने मेलेलं बाळ धरलं आणि बाईने तोंड फिरवलं. आमची पहिली मुलगी अशीच मेलेली जन्मली, तेव्हा मी शिफ्टवर होतो. “अहो, हे मी तुम्हालाही सांगितलं नव्हतं,” ही म्हणाली. “आता मराठी मंडळातल्या बायकांना तोंड कसं दाखवू?” “झोप आता,” एवढंच मी बोललो. पहाटे हार्ट अटॅकने ही गेली. सकाळी हिला नेल्यावर मी पेपरातल्या फिल्मच्या बातमीतला त्या लेखकाचा हसरा फोटो कापला. बल्गेरियात माणूस मेला की काळ्या चौकटीतला फोटो दारावर लावतात, हे त्यानेच हिला सांगितलं होतं. मी जाड काळी चौकट आखली आणि फोटो त्याच्या दारावर चिकटवला. आत टाइपरायटर वाजत होता. मी चारही कोपरे अंगठ्याने नीट दाबले.