तागवाली बुढी आणि छिटाची पाखरं

तागवाल्या बुढीनं आयुष्यात कुणाला वाट दिली नसावी. शेताकडच्या अरुंद पांदणीत समोरून बैलगाडी आली तरी ती जागची हलत नसे. गाडीवानच मुकाट्यानं बैल मागे रेटायचा.

संग्रामपूरकडच्या तिच्या खेड्यात मी शेती खात्याचा सहायक होतो. महाराष्ट्र राज्य नवं, माझी नोकरी नवी, आणि हाती कीड मारायच्या पावडरीची पोती. बुढीच्या तागावर काळ्या-पांढऱ्या, नारिंगी पट्ट्यांच्या अळ्या दिसल्या. मी पावडर धुरळायला निघालो, तर ती तागापुढे फतकल मारून बसली.

"मले तागाची साल पाहिजे, दोर वळाले. अळी खाते पान अन् शेंग. सालीले तोंड लावत नाही. मंग मारतं काऊन?"

मी वरचा हुकूम सांगितला. तिनं एक अळी उचलून कोंबडीपुढे टाकली. कोंबडीनं टोचली, टाकून दिली आणि चोच मातीत पुसत राहिली. तागातलं विष अळीच्या अंगात मुरतं, तिचा पतंग झाल्यावरही राहतं, हे मी नुसतं वाचलं होतं. म्हणून तर ते पांढरे, लाल-काळ्या ठिपक्यांचे पतंग भर उन्हात बिनधास्त उडत होते. छिटाच्या ठिपकेदार कापडासारखी दिसतात म्हणून बुढी त्यांना छिटाची पाखरं म्हणे. इंग्रजी पुस्तकात त्यांना वाघाचं नाव आहे, असं मी शहाणपणानं सांगितलं.

"पावडरीनं वाघ माराले निंघाला काय बे?" ती म्हणाली.

खरी गोष्ट पुढेच होती. साल सुटावी म्हणून कापलेला ताग ती नाल्याच्या डोहात कुजवायची, आणि गावाची जनावरं त्याच डोहावर पाणी प्यायची. "तुही पावडर माह्या तागासंग डोहात जाईन. ढोरं मेले तं तुहा साहेब येईन काय?" हा विचार मी केला नव्हता, साहेबांनीही नाही. मला शरम वाटली.

अहवालात मी लिहिलं, 'पावडर मारली नाही, मारू नये', आणि खाली सही ठोकली. साहेब भडकले. आठवड्यात मेहकरकडे बदली, वर नोकरी घालवण्याची तंबी. मी घाबरलो होतो, लपवत नाही.

निघताना बुढी एसटीपाशी आली. रडणंबिडणं नाही. माझं उतरलेलं तोंड पाहून म्हणाली, "नोकरी गेली तं इकडंच ये, बापू. ताग सोलाले माणूस लागतेच मले."

तशी वेळ कधी आली नाही. पण त्या कामाच्या भरवशावर मी पुढे चार साहेबांना तोंडावर 'नाही' म्हणालो. त्यांतल्या तिघांना, बुढी वारल्यानंतर.