उजवा कौल

हे मी अजून कुणालाच सांगितलेलं नाही. बायकोला नाही, मुलाला नाही, स्टाफरूममध्ये पंचवीस वर्षं माझ्या डब्यातली भाजी खाणाऱ्या मित्रालाही नाही. तसा मी गप्प बसणारा माणूस नव्हे. तत्त्वज्ञानाचा मास्तर होतो मी, पन्नास मिनिटांचा तास सत्तर मिनिटं घेणारा. मुलं मागच्या दारानं सटकायची तरी माझं चालूच. पण या एका गोष्टीच्या जवळपास आलो की मी विषय बदलतो. आत्ताही बदलावासा वाटतोय.

तर आधी विषयच सांगतो — माझा, शिकवण्याचा. अर्थ लावणं म्हणजे काय, हा माझा खास विषय. उत्तर-आधुनिक विचारवंतांचं म्हणणं थोडक्यात असं, की मजकुरात अर्थ कुणी आधीपासून भरून ठेवलेला नसतो. वाचणारा तो घडवतो. प्रत्येकाचा वेगळा, आणि शेवटचा, पक्का असा कुठलाच नाही. हे कवितेला लागू, कायद्याला लागू आणि देवाच्या शब्दालाही लागू. विशीत हे वाचलं तेव्हा मला किती मोकळं वाटलं म्हणून सांगू! गावचा देव, त्याचा धाक, आजोबांचे नवस, सगळ्यातून एका झटक्यात सुटका. देव नाही असं म्हणून आईला रडवायला नको, आहे असं म्हणून मित्रांत हसं करून घ्यायला नको. ‘तुम्ही कसं वाचता त्यावर आहे’ असं म्हणायचं आणि चहा मागवायचा.

आम्ही मूळचे कणकवलीच्या आतल्या बाजूचे. वडील मुंबईत गिरणीत होते, गिरणी गेल्यावर आम्ही चारकोपच्या सेक्टरमध्ये आलो. पण कुठलाही मोठा निर्णय गावच्या देवाला विचारल्याशिवाय घरात होत नसे. त्याला कौल लावणं म्हणतात. गुरव देवाच्या पाषाणावर दोन्ही बाजूंना ओल्या पाकळ्या चिकटवतो, गाऱ्हाणं घालतो, प्रश्न मांडतो. मग सगळ्यांनी बघत बसायचं. उजवीकडची पाकळी आधी पडली तर होकार, डावीकडची पडली तर नकार. कधी पाच मिनिटांत पडते, कधी दोन-दोन तास हलत नाही. ती पडेपर्यंत उठायचं नसतं.

दादा — माझा थोरला भाऊ — चारकोपच्याच इंडस्ट्रियल इस्टेटीत फिटर होता. मी एम.ए. झालो तो त्याच्या ओव्हरटाइमवर. चौदा वर्षांपूर्वी त्याच्या हृदयाची झडप बिघडली. डॉक्टरांनी दोन रस्ते सांगितले. गोळ्यांवर दोन-तीन वर्षं निघतील, फार हिंडता-फिरता येणार नाही. ऑपरेशन केलं तर माणूस धडधाकट होईल, पण त्यात जोखीम आहे. सोमवारी दादाला दाखल करायचं, गुरुवारी ऑपरेशन, तोवर घरच्यांनी ठरवा. सही वहिनीनं करायची होती. दादा म्हणाला, देवाला विचारा, आणि टीव्हीवरच्या बातम्या बघत बसला. वहिनी त्याला सोडून जाऊ शकत नव्हती, म्हणून मला पाठवलं. प्रश्नही तिनंच दिला, फोनवर, दोनदा म्हणून घेतला — ऑपरेशन करायचं का? एवढाच.

मी गेलो. नाही म्हणायचं काही कारण नव्हतं. खरं सांगायचं तर मला ते सोयीचंच होतं. त्याच बुधवारी घाटकोपरच्या एका कॉलेजात चर्चासत्र होतं आणि मी निबंध वाचणार होतो. निबंधाचा विषय? कौल. कौल हीसुद्धा एक संहिता आहे, देव बोलत नाही, ऐकणारा ऐकतो, वगैरे. म्हटलं, जाता जाता ताजे तपशीलही मिळतील. वहीपेन बरोबर घेतलं होतं मी. भाऊ आजारी, आणि मी वहीपेन घेऊन.

मंगळवारी दुपारी अडीचला गुरवानं पाकळ्या लावल्या. साडेतीन झाले. चार झाले. पाकळ्या जशाच्या तशा. मी वहीत लिहून घेतलं, गाभाऱ्यातला उजेड, ओल्या दगडाचा वास, गुरवाचं मधूनमधून खोकणं. मुंबईची गाडी कणकवलीहून सहाला सुटायची. पावणेपाच झाले तेव्हा मी उठलो. गुरव म्हणाला, “मास्तरांनू, देव अजून बोलूक नाय. वाईच थांबा. नायतर रवा आज, सकाळी परत लावया.”

थांबलो असतो तर काय झालं असतं? बुधवारी सकाळी कौल मिळाला असता. दुपारपर्यंत वहिनीला कळवता आलं असतं, गुरुवारला अवकाश होता. फक्त माझा निबंध हुकला असता.

मी रिक्षा पकडली. स्टँडवर आल्यावर फोनला रेंज आली. वहिनीनं पहिल्याच रिंगला उचलला. “काय दिल्यान देवान?”

उजवा, मी म्हटलं.

झालं. सांगून टाकलं. मला वाटलं होतं याला फार वेळ लागेल.

अनेक वर्षं मी स्वतःला याची एक बरी आवृत्ती सांगत आलो. की मी विज्ञानाच्या बाजूनं उभा राहिलो; एका बाईच्या अंधश्रद्धेपायी भावाचं ऑपरेशन अडू नये म्हणून मी शहाणपणानं खोटं बोललो. ऐकायला किती छान वाटतं ना? पण तसं नव्हतं. ऑपरेशन बरं की गोळ्या बऱ्या, याचा मी त्या रिक्षात एकदाही विचार केला नव्हता. डॉक्टरांनाच नक्की सांगता येत नव्हतं, मी कोण? मला गाडी गाठायची होती आणि ‘उजवा’ म्हटलं की फोन लवकर संपणार होता. ‘डावा’ म्हटलं असतं तर रडारड, चर्चा, पुन्हा फोन. म्हणून उजवा.

बुधवारी निबंध वाचला. टाळ्या पडल्या. गाभाऱ्याचं वर्णन लोकांना फार आवडलं. एका वयस्कर बाईंनी विचारलंसुद्धा, की मग शेवटी कौल काय मिळाला? मी हसून म्हटलं, तोच तर माझा मुद्दा आहे. सभागृह हसलं.

गुरुवारी दादाचं ऑपरेशन झालं. तो शुद्धीवर आला नाही. शनिवारी गेला.

तेराव्यानंतर पाहुणे पांगले आणि वहिनी स्वयंपाकघराच्या उंबऱ्यात येऊन बसली. मी चहा घेत होतो. तिनं विचारलं, देवानं उजवाच दिला होता ना? रागानं नाही विचारलं. तिला फक्त समजून घ्यायचं होतं, की इतकी वर्षं ज्याचं ऐकत आलो तो असं कसं वागला. ती आठवी शिकलेली बाई, देव हा तिच्यासाठी घरातला मोठा माणूस होता. त्याच्याशी भांडायचं तरी खरं काय घडलं ते कळायला हवं.

तेव्हा सांगता आलं असतं. वहिनी, पाकळी पडलीच नव्हती, मी उठून आलो. चार-सहा शब्दांचं काम. तिनं मला दोन थोबाडीत दिल्या असत्या, कदाचित पुन्हा तोंड बघितलं नसतं. पण तिचा देव तिच्याजवळ राहिला असता.

मी काय केलं? मी तास घेतला. म्हटलं, वहिनी, कौल म्हणजे नुसती खूण. अर्थ आपण लावतो. ‘ऑपरेशन करा’ एवढंच त्यात होतं, ‘दादा वाचेल’ असं कुठे होतं? ते आपण वाचलं त्यात. देव खोटा नाही आणि खराही नाही, वाचणारा जसं वाचेल तसा. मी चांगलं बोललो. कळेल अशा भाषेत, उदाहरणं देऊन. बोलता बोलता मला बरंही वाटायला लागलं, हे लिहिताना लाज वाटते.

ती ऐकत होती. पदराचं टोक बोटाला गुंडाळत होती. मग म्हणाली, “म्हणजे देव नाय चुकलो. माझा इचारणा चुकला. ‘ते वाचतले काय’ असा इचारूक होया होता. मी येवढाच इचारलंय.”

आणि मी नाही म्हटलं नाही.

तिनं माझं तत्त्वज्ञान माझ्यापेक्षा नीट ऐकलं होतं. अर्थ माणूस घडवतो ना? मग चूकही माणसाचीच. देवाला वाचवायला तिनं नवऱ्याचं मरण स्वतःच्या अंगावर घेतलं, आणि मी कप विसळून ठेवला आणि मुलुंडला माझ्या घरी आलो.

त्यानंतर वहिनीनं देवाकडे काही मागितलं नाही. दिवा लावायची, हात जोडायची, एवढंच. शीतलच्या — तिच्या मुलीच्या — लग्नाच्या वेळी नातेवाईक म्हणाले, कौल घेऊ. वहिनी म्हणाली, “माका इचारूक येणा नाय.” सगळ्यांना वाटलं दुःखानं बोलतेय. मला ठाऊक होतं ती शब्दशः बोलतेय. मी मांडवात अक्षता वाटत होतो.

याहून हीन एक काम मी केलं. मी तिला वर्गात वापरलं. नाव न घेता — ‘कोकणातली एक बाई’. श्रद्धा कशी टिकते, कौल फसला तरी भक्त देवाला दोष न देता स्वतःचं वाचन कसं बदलतो, याचं नमुनेदार उदाहरण म्हणून. दरवर्षी. मुलं उतरवून घ्यायची, परीक्षेत लिहायची. एका वर्षी वेसाव्याची एक कोळ्यांची मुलगी होती वर्गात, फाडफाड बोलणारी. ती म्हणाली, “सर, ते सगळं कळलं. पण पाकळी पडली होती ना नक्की? पडलीच नसेल, तर त्या बिचारीनं वाचलं काय?”

मी म्हटलं, हा प्रश्न इथे गैरलागू आहे. म्हटलं, पडली की नाही हेसुद्धा एक वाचनच. ती “काहीपण हां सर” म्हणाली आणि खाली बसली. पोरगी बरोबर होती. अर्थ हजार निघू द्या, पण आधी काहीतरी समोर यावं लागतं, जे आपण केलेलं नाही. मी वहिनीला दिलेला तो अर्थ नव्हता, वाचन नव्हतं. ते नुसतं खोटं होतं. हे कळायला मला तत्त्वज्ञान लागायला नको होतं. ते न कळायला मात्र लागलं.

आणि आणखी एक, तेही सांगतो. मी गेल्यावर त्या पाकळ्यांचं काय झालं, हे मी गुरवाला कधी विचारलं नाही. चौदा वर्षांत गावी सहा-सात वेळा गेलो असेन. देवळात जातो, लांबून नमस्कार करतो, गुरव दिसला की गाडीकडे वळतो. मला भीती वाटते. कसली? देव बोलत नाही असं ज्यानं आयुष्यभर शिकवलं, त्यानं एका फुलाच्या पाकळीला का घाबरावं? याचं उत्तर माझ्या कुठल्याच निबंधात नाही.

आता वहिनीच्या छातीत गाठ निघाली आहे. डॉक्टर म्हणतात, लवकर काढा. शीतल महिनाभर मागे लागली आहे, पण वहिनी हो म्हणेना आणि नाही म्हणेना. शेवटी गेल्या रविवारी दोघी मुलुंडला माझ्याकडे आल्या. वहिनी गावी जाऊन स्वतः कौल लावणार होती. चौदा वर्षांनी. पण प्रश्न मी लिहून द्यायचा होता.

“तुम्ही शिकलेले, भावजी. तुम्ही लिवन द्या. ह्या टायमाक चुकाक नको.”

मी चष्मा लावला. कागद घेतला. तीन वेळा खोडलं. कुठे दुसरा अर्थ निघू नये, कुठे पळवाट राहू नये, गाठ, ऑपरेशन, जगणं, सगळं एका वाक्यात नीट बसावं म्हणून मी शब्दन्‌शब्द तपासला. आयुष्यात इतकं चोख काही लिहिलं नसेल. शीतल शेजारी बसून फोन बघत होती. ती पाणी प्यायला आत गेली तेव्हा खोलीत आम्ही दोघंच होतो, दोन-तीन मिनिटं. वहिनीनं ओठ हलवत कागद वाचला. म्हणाली, “किती बरा लिवल्यात. माका तेव्हा असा सुचला असता तर.” आणि कागद कपाळाला लावला.

मी म्हटलं, प्रवासात पाणी जवळ ठेवा.

आज सकाळी गुरव पाकळ्या लावणार होता. आता अकरा वाजत आले आहेत, आणि मी टेबलाशी बसून हे तुम्हाला सांगतोय, तिला नाही. थोड्या वेळानं तिचा फोन येईल. जे दिसलं तेच ती सांगेल. उजवी पडली तर उजवी, डावी पडली तर डावी. आणि पाकळी पडली नसेल तर ती उठणार नाही. बसून राहील.