इंग्रज रेल्वे घेऊन जाणार होते तेव्हा

सकाळी वर्धा स्टेशनाबाहेर आले. माझ्या खांद्यावरची खादीची झोळी पाहून रिक्षावाला काही न विचारताच सेवाग्रामच्या रस्त्याला लागला. "अहो, मला गावातच जायचंय!" म्हटल्यावर तो हिरमुसला. "झोळीवाले सगळे तिकडंच जातेत ना, ताई."

मला जायचं होतं मैत्रिणीच्या आजीकडे. चंद्रभागाआजी आता सत्त्याऐंशीच्या. इंग्रज गेले तेव्हा नऊ वर्षांच्या. त्या दिवसांच्या आठवणी ऐकायला मी पुण्याहून आले होते.

सुनेने तर्री-पोहे (पोह्यांवर हरभऱ्याचा झणझणीत रस्सा) पुढे ठेवले. आजी सांगू लागल्या.

"बाबा जिनात (सरकी काढायच्या कारखान्यात) कामाले. तिथं त्यायनं आयकलं, का इंग्रज चालले, आता रेल्वे बी संगं नेतीन. म्हने, शेवटचं बसून घेऊ, पुलगावपर्यंत जाऊन येऊ. आईनं इचारलं, पुलगावले काय काम हाये? बाबा म्हने, काम काई नाई, बसाचं हाये."

तर्रीने माझ्या डोळ्यांतून घळाघळा पाणी आलं.

"काऊन व रडून राह्यली? रडाचं पुढं हाये!"

दहा-बारा कोसांवरच्या पुलगावला भजी खाऊन सगळे परतीच्या गाडीत बसले. बाबा मात्र इंजिनाला निरोपाचा रामराम करायला उतरले. गाडी सुटली. आई, चार पोरं गाडीत, बाबा फलाटावर.

"मग दुसऱ्या गाडीनं आले?" मी विचारलं.

"कायची दुसरी! त्यायच्या मतानं तेच शेवटची होती. रुळाच्या काठानं पायी निघाले. मुंबईकडं जानारी गाडी दिसली का हात जोडत. म्हनत, हे चालली जहाजात भराले."

इकडे वर्ध्याला उतरताच आईने स्टेशनमास्तरांना गाठलं. "साहेब, इंग्रजायनं माहा नवरा नेला!" मास्तर आधी हसले. मग तिच्यामागची चार पोरं पाहून त्यांनी तिला खुर्ची दिली. पोरांना पाणी दिलं. दुसऱ्या दिवशी, चौदा ऑगस्टच्या दुपारी, बाबा लंगडत दारात आले. आईने आधी शिव्या दिल्या, मग हुंदका.

"आणि आजी, स्वातंत्र्याच्या दिवशी? झेंडा, मिरवणूक?"

"गेलं सारं गाव. आमी घरीच. बाबाचे पाय शेकत बसलतो."

परतीच्या प्रवासात पोटात तर्री पेटली होती आणि मी एकटीच हसत होते. मी ढोल-ताशे ऐकायला गेले होते. पण देश स्वतंत्र झाला त्या सकाळी आजींच्या आईला हवा असलेला एकमेव माणूस घरात होता, आणि दोन्ही पाय गरम पाण्याच्या परातीत घालून तो कण्हत होता.