पांढरं रीळ

माझ्या साडूंइतके निरुपयोगी सिनेमे साऱ्या जबलपुरात कुणी काढले नसतील. खमरियाच्या दारूगोळ्याच्या कारखान्यात दिवसभर बंदुकीच्या गोळ्यांची टोपणं तपासायची आणि सुटीच्या दिवशी मुठीएवढा चावीचा कॅमेरा घेऊन वाळत घातलेल्या लुगड्यासमोर उकिडवं बसायचं, हा त्यांचा छंद. ते लुगडं त्यांनी पडद्यावर तीन मिनिटं दाखवलं, तेव्हा शेजारच्या फिटरनं विचारलं, "हीरो कब आएगा, भैया?" साडू गंभीरपणे म्हणाले, "लुगडंच हीरो आहे. वारा व्हिलन." धुऊन आलेल्या रिळांवर ते टाचणीनं ओरखडे काढत, आलता फासत. ताई, म्हणजे त्यांची बायको आणि माझ्या बायकोची थोरली बहीण, म्हणत, "माझे पाय कोरडे अन् यांचा सिनेमा लाल!" पण पडद्याची चादर दर वेळी त्याच बांधत.

मग लढाई आली. कारखान्यात बारा-बारा तासांची पाळी, खिडक्यांना काळे कागद, आणि जो तो हेर शोधू लागलेला. अशात साडू अधारतालला माझ्या घरी आले आणि एक डबी हातात देऊन म्हणाले, "क्वार्टरांची झडती चालू आहे. लढाई संपेपर्यंत ठेव. उघडू नको."

"कारखान्यातलं काही नाही ना?"

"अबे, मी येडा आहो काय?"

मी सरकारी कारकून. ती डबी कपाटात नव्हती, माझ्या पोटात होती. पाचव्या दिवशी भर उन्हात गच्चीवर मी ती उघडली. त्यांची आधीची रिळं उजेडात धरली की चित्रं दिसत. हेही तसंच असेल असं समजून सगळं उलगडून पाहिलं. एकही चित्र नव्हतं. किती हायसं वाटलं मला! नीट गुंडाळून डबी बंद केली.

लढाई संपल्यावर रीळ मुंबईहून धुऊन आलं. ताईंनी चादर बांधली. चादरीवर शेवटपर्यंत नुसता पांढरा उजेड.

"महिनाभर रोज सकाळी हिचे हात कॅमेऱ्यात घेत होतो," साडू हळू म्हणाले. "माझा डबा भरतानाचे. आत उजेड गेला. झाकण मीच नीट लावलं नसंल."

"जाऊ द्या जी," ताई म्हणाल्या, "हात कुठं पळून चालले?"

न धुतलेल्या रिळाला ऊन दाखवायचं नसतं, हे मला त्या क्षणी कळलं. मी तोंड उघडलं नाही. साडूंनी पुन्हा कॅमेऱ्याला चावी दिली नाही.

ताईंना जाऊन आता दोन वर्षं झाली. रविवारी मी साडूंकडे जातो, चादर मी बांधतो. ते तेच रीळ लावतात आणि मन लावून बघतात. "हे बघ, पोळ्या ठेवून राहिली. आता झाकण." मला त्या उजेडात माझी गच्ची दिसते.

परवा मला डोळे पुसताना त्यांनी पाहिलं. "अबे, तू काहून रडून राहिला? तुला तर यात काहीच दिसत नाही."

"नाही दिसत," मी म्हणालो.

त्यांनी माझ्या पाठीवर हात ठेवला, आणि माझ्यासाठी रीळ पुन्हा पहिल्यापासून लावलं.